सुलीची ढोली

आमच्या घरात सगळ्यात थंड आणि शांत जागा कोणती, असं कुणी आज विचारलं तर मी डोळे मिटून सांगेन, मधल्या खोलीतली धानाची ढोली. बांबूच्या कमच्यांची विणलेली, आतून-बाहेरून शेणामातीनं लिंपलेली, बाबांच्या छातीला लागेल एवढी उंच. वरचं तोंड मोकळं, त्यावर पेंढ्याचं झाकण. खाली वीतभर भोक आणि त्यात चिंध्यांचा बोळा. बोळा उपसला की धान सळसळत टोपल्यात पडायचं, आणि नव्या धानाचा तो जरा कडवट, जरा उन्हाचा वास खोलीभर पसरायचा. भंडारा जिल्ह्यात, सानगडीच्या अलीकडचं आमचं गाव. तिथे तेव्हा कुणाच्या घरी किती सुख आहे ते ढोलीवर बोटाच्या पेरानं ठोकून पाहत. ढोली 'बद्' वाजली तर भरलेली, 'डब्' वाजली तर त्या घरच्या माणसांशी जरा जपून बोलायचं.

ढोलीची मालकी होती आत्याकडे. आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण, ऐन तारुण्यात विधवा होऊन माहेरी परत आलेली. माय घरची सून, पण राज्य आत्याचं. आंघोळ करून ओल्या केसांची गाठ मारल्याशिवाय ती ढोलीला हात लावत नसे आणि दुसऱ्या कुणाला लावू देत नसे. धान मोजताना पहिल्या पायलीला, म्हणजे आमच्याकडच्या किलोभराच्या मापाला, 'एक' म्हणायचं नाही, 'लाभ' म्हणायचं. लाभ, दोन, तीन, चार. आवाज असा की देवळात आहोत की काय असं वाटावं. ढोली रिकामी झाली तरी 'सरली' म्हणायची सोय नव्हती, 'वाढली' म्हणायचं. आणि धानाला पाय लागणं म्हणजे तर घोर पाप. अंगणात चुकून एखादा दाणा पायाखाली आला की तो उचलून डोळ्यांना लावावा लागे. लहानपणी मला खरंच वाटायचं की ढोलीत लक्ष्मी गुडघे पोटाशी घेऊन बसली आहे. तिला धानाची कुसं टोचत कशी नाहीत, ही माझी एक जुनी काळजी होती.

या घरात मी बारा वर्षांची असताना सुली जन्मली. सुलोचना हे नाव पाळण्यापुरतंच. गोरी, मोठ्या कपाळाची, पाहताच उचलून घ्यावी अशी, आणि उचलली की कमान टाकून किंचाळणारी. मायला हे फार लागलं. ती म्हणायची, "माहं लेकरू माह्याच आंगाले भेते." चालायला लागली ती चवड्यांवर. हाक मारली तर वळून पाहायची नाही, म्हणून आत्यानं निकाल देऊन टाकला, "पोट्टी बहिरी हाय." पण तिकडे कोपऱ्यात मायनं खडीसाखरेच्या पुडीचा दोरा नुसता सोडला की ही बहिरी पोट्टी अंगणातून धावत यायची. सानगडीहून येणारी मोटार आम्हाला ऐकू यायच्या कितीतरी आधी सुलीचे दोन्ही हात कानांवर गेलेले असत.

तिचं खाणं पांढरं. भात, भाताची पेज, तव्यावरचे तांदळाचे मऊ आयते आणि खडीसाखर. भाताच्या कडेला वरणाचा पिवळा थेंब लागला तरी ताट उडालंच. केसांना तेल लावणं म्हणजे दोन माणसांचं काम. मामानं आणलेला झालरीचा फ्रॉक तिला घातला तेव्हा तिनं मान आणि काखा रक्त येईपर्यंत ओरबाडल्या. आणि झुलणं! ओसरीच्या खांबाला पाठ टेकून पुढे-मागे, पुढे-मागे, तोंडानं एकाच सुरात 'ऊंऽऽ'. लोक यायचे, बघायचे, जाताना मायला एकेक उपाय सांगून जायचे. उपाय सांगायला कुणाला काय जातं! ज्याचं जळतं त्याला कळतं. आम्ही सगळ्यांनी एकच उपाय वर्षानुवर्षं केला. ती झुलू लागली की खांदे धरायचे, गुणगुणू लागली की तोंडावर हात ठेवायचा. मीही ठेवलाय. तिचा गरम श्वास तळहाताला लागायचा, तो मला अजून आठवतो.

पण मी तिच्याबरोबर सगळ्यात जास्त असायची, म्हणून हळूहळू मला तिचं हवामान कळू लागलं. 'ऊं' खालच्या सुरात असेल तर बाईसाहेब खुशीत आहेत. सूर चढला, ती खांद्यानं कान घासू लागली आणि टाचा जमिनीपासून पार सुटल्या, की आता थोड्याच वेळात घर डोक्यावर घेणार. हे मी कुणाला सांगितलं नाही. सोळा वर्षांच्या मुलीला विचारतो कोण?

पुसाच्या, म्हणजे पौषाच्या, महिन्यात एका दुपारी सुली सापडेना. आत्या तळ्यावर गेलेली, माय बांधीत, धान काढल्यावर त्याच शेतात येणाऱ्या लाखोळीच्या पिकात. मी गोठा पाहिला, विहिरीत डोकावून पाहिलं. घरात परतले तर मधल्या खोलीतून बारीक 'ऊंऽऽ' ऐकू आलं. इतका खालचा सूर मी कधी ऐकला नव्हता. पोत्यांच्या थप्पीवर चढून ढोलीत डोकावले. सुली कमरेपर्यंत धानात रुतून बसली होती. दोन्ही हात कोपरापर्यंत धानात, डोळे अर्धे मिटलेले, चेहरा असा सैल की झोपेतही तिचा तसा पाहिला नव्हता. ज्या पोरीला फ्रॉकची झालर सोसवत नव्हती तिला धानाची कुसं गोड लागत होती. मी आधी घाबरून तिला वर ओढलं. ती किंचाळली. मी पुन्हा सोडलं. ती शांत झाली. पुन्हा ओढून पाहिलं, पुन्हा तेच.

त्या दिवसापासून आमचं दोघींचं गुपित सुरू झालं. आत्या तळ्यावर गेली की मी सुलीला काखेत धरून ढोलीत उतरवायची आणि वरून धान तिच्या मांड्यांवर ओढायची. एक हात मात्र मी तिच्या काखेतून कधी काढत नसे. आजच्या आया हे ऐकून मला चपलेनं मारतील, आणि त्यांचं बरोबर आहे, धान गिळतं माणसाला. पण तेव्हा माझ्या हाती तेवढंच होतं. तासाभरानं बाहेर काढली की त्या दिवशी ती पेज गुमान प्यायची, माझ्या हाताला तिचा हात लागला तरी तो ओढून घ्यायची नाही. एकदा तर तिनं आपणहून कपाळ माझ्या खांद्याला टेकवलं. मी किती वेळ हललेच नाही.

दिवाळी झाली की आमच्याकडे गावोगावी मंडई भरते. दंडारीचा खेळ, मिठाईची दुकानं आणि घराघरांत पाव्हणे. त्या गर्दीत सोयरिकीही उरकून घेतात. त्या वर्षी आमच्या घरी मला पाहायला माणसं यायची होती. मुलगा, त्याची आई आणि मामा. लवकर येणारं हलकं धान नुकतंच निघालं होतं, ढोली अर्धी भरलेली. पण घर दोन दिवसांपासून पाव्हण्यांनी गजबजलेलं, त्यामुळे सुलीला ढोलीत उतरवायची सोय नव्हती. त्यात समोरच्या चिंचेला भोंगा बांधलेला. सकाळपासून ती चवड्यांवर होती. मला दिसत होतं आणि माय माझी वेणी घालत होती, इतकी घट्ट की भुवया वर ओढल्या गेल्या.

दुपारी पाव्हणे ओसरीत चटईवर बसले. मी डोक्यावर पदर घेऊन लाखोळीच्या डाळीचे वडे घेऊन आले. पितळी ताटल्या एकमेकींवर आदळल्या, त्याच क्षणी भोंग्यानं कर्कश शीळ घातली आणि सुली सुटली. ती खांबाशी गेली आणि कपाळ खांबावर आपटू लागली. धाप, धाप. माय धावली, तिनं धरलं, सुलीनं तिला चावा घेतला.

"लेकरू असं काहून करून राहिलं जी?" मुलाच्या मामानं विचारलं.

"दात येऊन राहिले तिले," आत्या म्हणाली.

"पाच वर्साच्या पोरीले दात?"

आत्या पदर सावरू लागली. मामा मात्र बोलका होता. म्हणाला, "लपवता कायले? पाव्हण्यापासून काय लपवाचं? आमच्याकडं देवाचं एक ठाणं हाय. असे लेकरं तेथं साखळीनं बांधून ठेवतेत. सालभरात सुधरतेत, नाई सुधरले तं तेथंच राह्यतेत. लगनाच्या आंधी नेऊन सोडा. मोठीच्या संसारात हे लफडं नोको."

बाबा जमिनीकडे बघत होते. भोंगा वाजत होता, सुलीचं कपाळ खांबावर आपटतच होतं. मग बाबा म्हणाले, "हाव. मंडई झाली का नेतो."

बैल विकतानाही बाबा इतक्या लवकर हो म्हणत नसत. मी मायकडे पाहिलं. ती चावलेला हात पदरात धरून उभी होती आणि तिच्या डोळ्यांत नाही म्हणण्याइतकंही बळ नव्हतं. मला माझ्या लग्नाचं काही वाटत नव्हतं असं आज म्हणणं सोपं आहे, पण ते खरं नाही. मुलगा मला आवडला होता. त्याचे कान जरा पुढे आलेले होते आणि तो लाजून वड्याकडेच बघत होता. तरी मी ताट खाली ठेवलं. पदर पडला तो पडू दिला, सुलीला मागून दोन्ही हातांनी घट्ट आवळून उचललं, उघड्या दारातून सगळ्यांच्या देखत मधल्या खोलीत गेले, पोत्यांवर चढले आणि तिला ढोलीत सोडलं. धान सळसळलं. मी दोन्ही हातांनी तिच्या मांड्यांवर ओढत गेले, ओढत गेले. किंचाळी मधेच तुटली, एक लांब श्वास आला आणि मग 'ऊंऽऽ'. खालच्या सुरातला. बाहेर भोंगा चालूच होता, पण घरात सगळ्यांनी ते 'ऊं' ऐकलं.

पहिली सावरली आत्या. तिनं कपाळावर हात मारला. "अवं माय वं! लक्ष्मीत पाय! सनासुदीच्या दिवशी! उतरव तिले, इंदे, उतरव!"

"नाई उतरवत," मी म्हणाले. आत्याला नाही म्हणायची माझी ती पहिली वेळ. "बाबा, ती येडी नाई. आवाज तिच्या कानात रुतते. आंगावर वजन पडलं का तिले बरं वाटते. मी रोज ठेवतो तिले इथं."

बाबा दारात येऊन उभे होते. "कवापासून?"

"मागच्या पुसापासून."

ते ढोलीजवळ आले, आत वाकून पाहिलं, आणि कितीतरी वेळ पाहत राहिले. सुलीनं त्यांच्याकडे पाहिलं नाही, ती ओंजळीतून धान सोडत होती. मग त्यांनी तिला काखेत धरून वर काढलं. ती पुन्हा ओरडली. आता मार बसणार म्हणून मी डोळे मिटले. "पाणी आण," बाबा मायला म्हणाले. मायनं तांब्या आणला. बाबा उंबरठ्यावर बसले, सुलीला मांडीवर धरलं, तिचे दोन्ही पाय परातीत ठेवून सावकाश धुतले, खांद्यावरच्या दुपट्ट्यानं बोटांच्या बेचक्यांपर्यंत पुसले. आणि उठून, स्वतःच्या हातानं, तिला परत धानात उतरवलं.

"बाई," ते आत्याला म्हणाले, "लगनात धुतो ना आपण लेकीचे पाय? हिचं काही लगन होत नाई. आजच धुतले."

 पाव्हणे थोड्या वेळानं "येतो जी" म्हणून उठले. सोयरीक मोडली हे कुणी सांगायची गरज नव्हती. वडे मात्र संपवून गेले. त्या ठाण्याचं नाव आमच्या घरात पुन्हा निघालं नाही.

चार दिवस आत्या माझ्याशी बोलली नाही. पाचव्या दिवशी तिची आंघोळ झाली, ओल्या केसांची गाठ मारली, आणि मला वाटलं धान काढायला निघाली. तिनं सुलीला उंबरठ्यावर बसवलं, पाय धुतले आणि हाक दिली, "इंदे, धर हिले. माह्या कमरेत बळ नाई." मी सुलीला ढोलीत सोडू लागले. तिचा उजवा पाय धानाला टेकला तशी आत्या त्याच देवळातल्या आवाजात म्हणाली, "लाभ." डावा टेकला, "दोन." मला हसू आलं आणि रडूही आलं. आत्याला मात्र त्यात हसण्यासारखं काही दिसलं नाही. ढोलीत जाईल ते मोजूनच जाईल, एवढंच तिचं म्हणणं होतं.

मग रोज तेच. आंघोळ, पाय धुणं, लाभ, दोन. माघ लागला असेल, एक दिवस आत्याला चुलीपाशी उशीर झाला. सुली ढोलीला हात लावून उभी होती. ती म्हणाली, "लाभ." अगदी स्पष्ट, आत्याच्याच सुरात. पाच वर्षांत तिच्या तोंडून आलेला हा पहिला शब्द. मायच्या हातातलं सूप खाली पडलं. आत्या चुलीपासून ओरडली, "दोन!" आणि उठून धावत आली, कमरेतलं बळ अचानक कुठून आलं कोण जाणे. त्यानंतर तसंच ठरून गेलं. 'लाभ' सुलीनं म्हणायचं, 'दोन' आपण म्हणायचं, आणि 'दोन' ऐकल्याशिवाय ती पाय सोडत नसे. तो हिवाळा मी जन्मभर जपला आहे. सकाळचं ऊन उंबरठ्यावर, आत्याचे ओले केस, परातीतलं पाणी, आणि सुली. मला तो हिवाळा परत हवा आहे. या वयात माणसानं काय मागावं याची रीत असते म्हणतात, पण मला तोच हवा आहे.

पुढच्या वर्षांत एक गोष्ट दरसाल होई. आषाढ लागला, धानाची रोपं लावायची रोवणी सुरू झाली की सुली बिघडायची. झुलणं, ओरबाडणं, कपाळ आपटणं, सगळं परत. "आभाळ भरलं का पोट्टी बिघडते," आत्या म्हणायची, आणि सगळं गाव मान डोलवायचं. आम्ही ढगांना दोष दिला, विजेला दिला, दंडाला दोरे बांधले. रोवणीच्या वेळी घरोघरच्या ढोल्या रिकाम्या असतात. बियाणं पेरून झालेलं, खायचं धान तळाला लागलेलं. आमची ढोलीही तेव्हा 'डब्' वाजत असे. हे आम्हाला दिसत नव्हतं असं नाही. दिसत होतं, पण भुकेच्या दिवसांत सगळेच चिडचिडे असतात, त्यात सुलीचं वेगळं काय मोजायचं!

मी शिक्षिकेच्या शिक्षणासाठी भंडाऱ्याला वसतिगृहात राहायला गेले. दुसऱ्या वर्षी श्रावणात निरोप आला, सुलीला ताप आहे. साकोलीपर्यंत मोटार, पुढे चिखलातून पायी. मी पोचले तेव्हा तिला नेऊन झालं होतं, अंगण धुतलेलं होतं. नऊ वर्षांची होती ती. मायनं मला जवळ घेतलं आणि सांगितलं, "तीन दिवस ढोलीपाशीच बसून होती वं. खालचा बोळा काढला, हात आत घातला कोपरावरी, अन् लाभ, लाभ करे. मले वाटलं जेवण मांगते. भात नेला तं लोटून दे." आत्या त्या वेळी नव्हती, आदल्या उन्हाळ्यातच गेली होती. मायला ते मोजणं कधी जमलं नाही, बाबा दिवसभर रोवणीत. 'दोन' म्हणायला घरात कुणी नव्हतं.

मी निवृत्त झाले त्यालाही आता बरीच वर्षं झाली. मागच्या वर्षी तालुक्याला अंगणवाडीच्या बायांचं प्रशिक्षण होतं, तिथे जुन्या बाई म्हणून मला नारळ फोडायला बोलावलं. नारळ फोडून निघणार होते, पण ऊन फार म्हणून मागे बसले. शिकवणारी मुलगी पंचविशीची असेल. ती स्वमग्न मुलांबद्दल बोलू लागली. कुणाला आवाज बोचतो, कुणाला कापड, कुणाला ताटातला रंग. झुलणं, गुणगुणणं, हात हलवणं हे खूळ नाही, ते मूल स्वतःला शांत करत असतं, त्याला अडवू नका, आधी त्याला काय बोचतंय ते शोधा. मी ऐकत होते आणि माझा तळहात आपोआप मिटत गेला. मग ती म्हणाली, काही मुलांना वजनानं बरं वाटतं, मांडीवर ठेवायला तांदळाची छोटी पिशवी शिवली तरी पुरते.

मी मागूनच विचारलं, "पिशवी?"

"हो आजी, पिशवी. दोन-तीन किलोची."

बाया वहीत लिहून घेत होत्या. आम्हाला वाटत होतं, सुलीला ढोली लागते. ढोली भरलेली असेल तर आहे, नसेल तर नाही, मग पुढच्या कार्तिकापर्यंत वाट पाहायची. पावसाळ्याचे चार महिने दोन पायल्या धान एका पिशवीत बाजूला ठेवावं, हे आम्हा चौघांपैकी एकाच्याही डोक्यात आलं नाही. त्या श्रावणातसुद्धा गावात कुणाच्या तरी घरी दोन पायल्या निघाल्याच असत्या. मी चालत जाऊन, हात पसरून आणल्या असत्या.

आमची बांधी आता दुसरे लोक करतात. त्यांच्याकडून मी थोडं धान मागवलं. घरी धान असायचे दिवस गेले, मीही तांदूळ दुकानातून आणते. मायचं एक जुनं लुगडं पेटीत होतं, धुऊन धुऊन मऊ झालेलं. त्याच्या दोन पिशव्या शिवल्या, झालर न लावता. एक आमच्या वॉर्डातल्या अंगणवाडीत दिली, तिथे एक मुलगी चवड्यांवर चालते. दुसरी कुणासाठी ते मी ठरवलं नव्हतं. सकाळी आंघोळ केली, ओल्या केसांची गाठ मारली आणि उंबरठ्यावर ती दुसरी पिशवी उघडून बसले. पहिली पायली ओतली तेव्हा मी तोंड उघडलं नाही, तो शब्द माझा नव्हता. धान सळसळलं. मी थोडा वेळ थांबले, मग दुसरी पायली ओतली.

"दोन," मी म्हणाले.